फिजिओथेरपीचा ‘हक्क’ आणि दिवाणी न्यायालय: नेमके मागायचे काय?

आजच्या विषयाचे नाव कोरडे आहे, याची आम्हाला कल्पना आहे. पण मीरा रोड स्टेशनातून बाहेर पडा, शांतीनगरच्या सेक्टरांतून एक फेरी मारा आणि फिजिओथेरपीच्या पाट्या मोजा. कुठे तळमजल्याचा फ्लॅट, कुठे दुकानाचा गाळा, कुठे हॉस्पिटलच्या मागची एक खोली. गुडघा बदललेले, लकवा मारलेले, खांदा आखडलेले लोक तिथे जातात. त्या पाटीमागे कुणाच्या तरी मुलीचे चार-साडेचार वर्षांचे शिक्षण असते आणि पुष्कळदा बापाने काढलेले कर्जही असते. ती पाटी उतरवा, अशी नोटीस आली की विषय कोरडा राहत नाही.

एक कल्पित उदाहरण धरू. एक ताई आहे, फिजिओथेरपीची पदवीधर. अंधेरीच्या एका क्लिनिकमध्ये तिने तीन वर्षे नोकरी केली, मग नोकरी सोडून मीरा रोडला स्वतःचे क्लिनिक काढले. महिन्याभरात तिच्याकडे चार कागद जमा झाले. जुन्या मालकाची वकिलामार्फत नोटीस: करारानुसार दोन वर्षे तुम्ही हा धंदा करू शकत नाही. सोसायटीचे पत्र: राहत्या जागेत क्लिनिक चालणार नाही. समोरच्या क्लिनिकवाल्याने महापालिकेकडे केलेल्या अर्जाची प्रत: या बाई बोगस आहेत. आणि परिषदेकडून आलेले उत्तर: तुमच्या नोंदणीच्या नूतनीकरणात त्रुटी आहेत. ताई हे चारही कागद घेऊन वकिलाकडे जाते आणि एकच प्रश्न विचारते, “मला प्रॅक्टिस करायचा हक्क आहे की नाही?”

आमचे म्हणणे असे की या रूपात हा प्रश्न दिवाणी न्यायालय ऐकूनच घेत नाही. न्यायालय उलट तीन प्रश्न विचारते. हा हक्क कोण नाकारतो आहे? तो नेमके काय नाकारतो आहे? आणि त्याला आम्ही कोणता हुकूम करावा, असे तुमचे म्हणणे आहे? या तिन्हींची उत्तरे मिळाली की कोणत्या कोर्टात जायचे, कुणाला प्रतिवादी करायचे, किती थांबायचे, हे बरेचसे आपोआप ठरते. ती न मिळता दावा लावला, तर वर्षे जातात आणि हाती काही पडत नाही.

आम्ही वकील नाही. आम्ही आयुष्यभर तत्त्वज्ञान शिकवले. पण ‘हक्क’ या शब्दावर तत्त्वज्ञानाच्या वर्गात जेवढी झटापट होते, तेवढीच कोर्टात होते. फरक इतकाच की तिथे तारखा पडतात. अमेरिकन कायदेपंडित वेस्ली होफेल्ड याने १९१३ मध्ये एक लेख लिहून दाखवून दिले की आपण ‘हक्क’ म्हणतो तेव्हा चार वेगवेगळ्या गोष्टींची गल्लत करतो. कधी आपल्याला दुसऱ्याकडून काही येणे असते. कधी नुसती मोकळीक असते, म्हणजे मी हे केले तर कुणाला तक्रार करायला जागा नाही. कधी दुसऱ्याची कायदेशीर स्थिती बदलण्याची ताकद असते. आणि कधी दुसऱ्याच्या तशा ताकदीपासून आपल्याला अभय असते. आता ताईचे चार कागद पुन्हा बघा. मालकाविरुद्ध तिला मोकळीक सिद्ध करायची आहे. परिषदेकडे तिचे येणे आहे, कारण पात्र उमेदवाराची नोंद करणे हे परिषदेचे कर्तव्य आहे. शब्द एकच, भांडणे दोन.

या मोकळिकीचा थोडा इतिहास सांगितला पाहिजे. मुंबईच्या केईएम रुग्णालयात १९५० मध्ये कमला निंबकर यांनी ऑक्युपेशनल थेरपीची शाळा सुरू केली. जन्माने अमेरिकन आणि लग्नाने निंबकर झालेली ही बाई. पुढे दोन-तीन वर्षांतच, पोलिओचे रुग्ण समोर असताना, जागतिक आरोग्य संघटनेच्या मदतीने तिथेच फिजिओथेरपीची शाळा उभी राहिली. पण महाराष्ट्रात या दोन शाखांसाठी वेगळी परिषद आणि वेगळी नोंदवही निर्माण करणारा कायदा आला तो २००२ चा. म्हणजे जवळजवळ पन्नास वर्षे हा व्यवसाय शिकवला जात होता, केला जात होता, पण राज्याची नोंदवही नव्हती. त्या काळात ‘हक्क’ म्हणजे घटनेच्या एकोणिसाव्या अनुच्छेदातले व्यवसायस्वातंत्र्य, एवढेच. त्याच अनुच्छेदात पुढे सरकारला व्यावसायिक पात्रता ठरवण्याची मुभाही दिलेली आहे. नोंदवही आली आणि मोकळिकीच्या जागी दर्जा आला. पुढे २०२१ च्या केंद्रीय कायद्याने, म्हणजे संलग्न व आरोग्यसेवा व्यवसायांसाठी राष्ट्रीय आयोग नेमणाऱ्या कायद्याने, फिजिओथेरपिस्टची व्याख्या परिशिष्टात दिली. त्याने तपासणी करावी, हालचालीतले दोष ओळखावे, व्यायाम, हाताने केलेले उपचार आणि विजेची व उष्णतेची साधने यांनी उपचार करावे, आणि हे त्याला स्वतंत्रपणे किंवा इतरांच्या बरोबरीने करता येईल, असे त्यात स्पष्ट म्हटले आहे. किमान पात्रता पदवी. ‘डॉक्टरच्या चिठ्ठीशिवाय हात लावायचा नाही’ हा जुना वाद या व्याख्येने बराच मागे पडला.

आता पहिला कागद, मालकाची नोटीस. इथे आम्ही जरा थांबणार आहोत, कारण या नोटिशीला घाबरून चांगली मुले-मुली क्लिनिक बंद करतात.

भारतीय करार कायदा १८७२ चा. त्याचे कलम २७ सांगते की कायदेशीर व्यवसाय, व्यापार किंवा धंदा करण्यापासून कुणाला रोखणारा करार त्या मर्यादेपर्यंत शून्य आहे. अपवाद एक: धंद्याचा नावलौकिक, वकील ज्याला गुडविल म्हणतात, तो विकला असेल तर विकणाऱ्याला वाजवी स्थळमर्यादेत स्पर्धा न करण्याचे बंधन घालता येते. म्हणजे उद्या एखाद्या ज्येष्ठ फिजिओथेरपिस्टने आपले चालते क्लिनिक विकले आणि लगेच शेजारी नवे काढले, तर घेणाऱ्याला तक्रार आहे. नोकरी सोडलेल्या ताईची गोष्ट वेगळी.

यावरचा नामांकित खटला आपल्याच ठाणे जिल्ह्यातला आहे, हे फार थोड्यांना माहीत असते. कल्याणच्या सेंच्युरी रेयॉनमध्ये टायरसाठी लागणारा धागा तयार होत असे. त्याचे तंत्रज्ञान कंपनीने परदेशी कंपन्यांकडून गुप्ततेच्या अटीवर घेतले होते. निरंजन शंकर गोलिकरी यांना तिथे शिफ्ट सुपरवायझर म्हणून पाच वर्षांच्या करारावर घेतले, प्रशिक्षण दिले. मुदत संपण्याआधीच, १९६४ मध्ये, ते नोकरी सोडून कोट्याच्या राजस्थान रेयॉनमध्ये जास्त पगारावर गेले. कंपनीने कल्याणच्या कोर्टात दावा लावला. कोर्टाने मनाई दिली, उच्च न्यायालयाने ती कायम केली आणि जानेवारी १९६७ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही ती उचलून धरली.

मालकांचे वकील हा निकाल मोठ्या आवाजात वाचतात. पण तो नीट वाचला पाहिजे. ती मनाई कराराच्या उरलेल्या मुदतीपुरती होती, मार्च १९६८ पर्यंत. ती तशाच प्रकारच्या कामापुरती होती. कराराची मुदत चालू असतानाचे बंधन वेगळे आणि मुदत संपल्यानंतरचे वेगळे, हा भेद न्यायालयाने केला. त्यानंतर २००६ मध्ये पर्सेप्ट डी’मार्क या कंपनीचा क्रिकेटपटू झहीर खानशी झालेला वाद सर्वोच्च न्यायालयात गेला. करार संपल्यावरही नवे प्रस्ताव आधी आमच्यापुढे ठेवा, अशी कंपनीची अट होती. ती संपलेल्या करारानंतर लादता येत नाही, असे न्यायालय म्हणाले. तेव्हा ताईने आधी आपला करार काढून पाहावा: मुदत ठरलेली होती का? ती संपली होती का? रीतसर नोटीस देऊन ती बाहेर पडली का? ‘नोकरी सोडल्यावर दोन वर्षे, पाच किलोमीटरच्या आत प्रॅक्टिस नाही’ हे वाक्य नोकरी रीतसर संपल्यानंतर बहुधा कागदावरच राहते. मात्र मालकाच्या संगणकातली रुग्णांची यादी ती घेऊन आली असेल, तर तो वाद गुप्ततेचा आहे. तिथे कलम २७ ची ढाल पुरत नाही आणि आमच्या मते पुरूही नये.

दुसरी गोष्ट, मालक तिला परत कामावर यायला भाग पाडू शकत नाही. व्यक्तिगत सेवेचा करार न्यायालय जबरदस्तीने पार पाडून घेत नाही. फार तर ‘तिथे करू नकोस’ असे म्हणते. आणि करारात लवादाची अट असेल तर दिवाणी न्यायालय पक्षकारांना लवादाकडे पाठवते, हे आधी तपासावे.

सोसायटीचा कागद लवकर संपतो. सोसायटी आणि सभासद यांच्यातला कारभाराविषयीचा वाद महाराष्ट्र सहकारी संस्था कायदा, १९६० च्या कलम ९१ खाली सहकार न्यायालयात जातो आणि कलम १६३ ने दिवाणी न्यायालयाचा दरवाजा त्याला बंद केला आहे. ताई भाडोत्री असली तरी ती सभासदाच्या मार्फतच तिथे आहे, म्हणून वाट तीच. इथे तिची पदवी, नोंदणी, कौशल्य यांतले काहीच वादात नाही. वाद जागेच्या वापराचा आहे. जाता जाता सांगतो, डॉक्टरचा खासगी दवाखाना हा मुंबई दुकाने व आस्थापना कायद्याच्या अर्थाने ‘व्यापारी आस्थापना’ नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९६८ मध्ये डॉ. देवेंद्र सुरती यांच्या खटल्यात म्हटले होते. तो निकाल त्या कायद्यापुरता आहे. सोसायटीच्या सभेत तो सरसकट फडकवू नये.

तिसरा कागद शेजाऱ्याचा. इंग्लंडमध्ये १४१० साली ग्लॉस्टरच्या जुन्या शाळेच्या मास्तरांनी नव्या शाळेवर फिर्याद केली, की याने फी कमी केली आणि आमची मुले गेली. न्यायालयाने सांगितले, नुकसान झाले असेल, पण तुमच्या हक्कावर घाला पडलेला नाही. सहाशे वर्षांपूर्वीचा हा निकाल मीरा रोडच्या प्रत्येक सेक्टरात रोज लागू पडतो. रुग्ण समोर गेले, म्हणून दावा होत नाही. शेजाऱ्याने तुम्हाला लेखी ‘बोगस’ म्हटले तर अब्रुनुकसानीचा प्रश्न येतो, पण अधिकाऱ्याकडे सद्‌हेतूने केलेल्या तक्रारीला कायदा बरेच संरक्षण देतो. आणि एक लक्षात ठेवा: ‘पोलिसांना माझ्यावर कारवाई करू देऊ नका’ अशी मनाई दिवाणी न्यायालयाकडे मागू नका. स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट, १९६३ च्या कलम ४१ मध्ये फौजदारी कार्यवाही थांबवणारी मनाई देता येत नाही, असे साफ लिहिले आहे. तिथे उत्तर म्हणजे नोंदणीचा कागद दाखवणे, किंवा उच्च न्यायालयात जाणे.

म्हणजे गाठ येऊन बसते चौथ्या कागदावर, परिषदेवर. इथे लोक हमखास घाई करतात. दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम ९ फार उदार आहे: स्पष्टपणे किंवा गर्भितपणे मनाई नसेल तर प्रत्येक दिवाणी स्वरूपाचा दावा न्यायालय चालवील. पण ‘गर्भितपणे’ या शब्दात पुष्कळ काही दडले आहे. मुंबईच्या प्रीमिअर ऑटोमोबाइल्समधल्या कामगारांनी नगर दिवाणी न्यायालयात दावा लावला होता. कमलाकर शांताराम वाडके हे त्यांतले एक. १९७५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, जो हक्क एखाद्या विशेष कायद्यानेच जन्माला घातला आणि त्याच कायद्याने दाद मागण्याची वाटही दिली, त्यासाठी त्याच वाटेने जा. दिवाणी न्यायालयात येऊ नका. हक्क त्या कायद्याआधीचा, सर्वसाधारण असेल तर मात्र निवड तुमची.

हे ताईला लावून पाहू. व्यवसायाची मोकळीक ही नोंदवहीपेक्षा जुनी आहे. पण नोंदवहीत नाव असणे हा हक्क नोंदवहीच्या कायद्यानेच निर्माण केला. म्हणून ‘माझे नाव चढवा’ किंवा ‘नूतनीकरण करा’ ही मागणी आधी परिषदेकडे, कायद्यात दिलेल्या वाटेने, आणि तिथे अन्याय झाला तर घटनेच्या अनुच्छेद २२६ खाली मुंबई उच्च न्यायालयात. दिवाणी न्यायालयात ती मागणी नेली, तर वादपत्र नामंजूर करण्याचा अर्ज पहिल्याच तारखेला समोर येण्याची शक्यता मोठी. शिवाय अशा दाव्यात शासनाला किंवा सरकारी अधिकाऱ्याला पक्षकार केले, तर कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस आधी द्यावी लागते. निकड असेल तर न्यायालयाची परवानगी घेऊन ती टाळता येते, पण तेवढ्या वेळेत सरकारचे म्हणणे ऐकल्याशिवाय दिलासा मिळत नाही.

मग दिवाणी न्यायालयाच्या वाट्याला उरले काय? मुख्यतः पहिला कागद. इथे स्पेसिफिक रिलीफ ॲक्टचे कलम ३४ महत्त्वाचे. कुणाला कायदेशीर दर्जा किंवा मालमत्तेवरचा हक्क असेल आणि दुसरा कुणी तो नाकारत असेल, किंवा नाकारण्यात त्याचे हित असेल, तर त्या माणसाविरुद्ध न्यायालय तो दर्जा घोषित करू शकते. ‘त्या माणसाविरुद्ध’ हे शब्द आम्हाला फार मोलाचे वाटतात. न्यायालय आकाशाकडे बघून ‘ही फिजिओथेरपिस्ट आहे’ असे म्हणत नाही. आणि त्याच कलमाचे परंतुक सांगते की पुढची दाद मागता येत असताना नुसती घोषणा मागितली तर ती मिळणार नाही. म्हणून वादपत्रात दोन मागण्या हव्यात: नोकरीनंतरचे बंधन शून्य असल्याची घोषणा आणि त्या बंधनाच्या आधारे प्रतिवादीने अडथळा आणू नये, अशी मनाई.

कोर्ट कोणते? मार्च २०२५ पर्यंत मीरा-भाईंदरच्या माणसाला प्रत्येक तारखेसाठी ठाण्याला जावे लागे. आता मीरा रोडला दिवाणी न्यायाधीश कनिष्ठ स्तर यांचे न्यायालय झाले आहे. पण कनिष्ठ स्तराची आर्थिक मर्यादा पाच लाखांची आहे. मालकाने सहा लाखांची भरपाई मागितली की दावा ठाण्याच्या वरिष्ठ स्तराकडे. शासन पक्षकार असेल तरी कनिष्ठ स्तर तो दावा दाखल करून घेत नाही. आणि दहिसर चेकनाका ओलांडला की बृहन्मुंबईचे नगर दिवाणी न्यायालय. मालक अंधेरीचा, करार अंधेरीत झाला, करारात ‘फक्त मुंबईच्या न्यायालयांना अधिकार’ असे लिहिलेले: हाकमसिंग विरुद्ध गॅमन या १९७१ च्या निकालाप्रमाणे, मुंबईच्या न्यायालयाला मुळात अधिकार असेल तर अशी अट चालते. म्हणजे मीरा रोडला कोर्ट आले, तरी ताईची लोकल चुकणार नाही.

यापुढचा सगळा जीव एका अर्जात असतो. महाराष्ट्रात वकील त्याला ‘निशाणी पाच’ म्हणतात. निशाणी एक म्हणजे वादपत्र. निशाणी पाच म्हणजे तूर्तातूर्त मनाईचा अर्ज. हे शब्दही बघा: निशाणी, कैफियत, दरखास्त, हुकूमनामा. फारसी गेली, कोर्टातून मात्र हलली नाही. निकाल लागायला किती वर्षे लागतील ते सोडा. दरम्यान काय, याचे उत्तर निशाणी पाचवर मिळते आणि व्यवहारात तोच बहुधा निकाल ठरतो. कारण गुडघ्याची शस्त्रक्रिया झालेल्या माणसाचे व्यायाम आठवड्यांत व्हावे लागतात. तो दाव्याची वाट पाहत नाही, दुसऱ्या क्लिनिकमध्ये जातो. तीन महिने बंद राहिलेले क्लिनिक पुन्हा उघडते ते बहुतेक वेळा रिकामे.

न्यायाधीश तीन गोष्टी पाहतो: सकृतदर्शनी प्रकरण आहे का, सोयीचा तोल कुणाकडे झुकतो, आणि पैशाने भरून न येणारी हानी कुणाची होईल. मालकाने निशाणी पाच दिली असेल तर ताईने तिसऱ्या कसोटीवर जोर द्यावा. मालकाचे चार रुग्ण गेले तर त्याचा हिशेब पैशात होतो; तिची पाटी उतरली तर तो होत नाही. समोरच्याला न ऐकता मनाई द्यायची असेल तर न्यायालयाने कारणे लिहावी लागतात आणि असा अर्ज तीस दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न करावा लागतो. संहितेच्या ३९ व्या ऑर्डरीत हे लिहिलेले आहे. त्यावर अपीलही होते. आपल्या राज्यात मध्यंतरी एक वेगळीच भानगड होती. संहितेला महाराष्ट्राने जोडलेले कलम ९-अ. त्यामुळे मनाईच्या सुनावणीत प्रतिवादीने अधिकारक्षेत्राचा आक्षेप घेतला की तोच आधी ठरवायचा, प्रसंगी साक्षीपुराव्यासह. मूळ दावा तसाच पडून. ते कलम २०१८ मध्ये रद्द झाले. बरे झाले.

निशाणी पाचबरोबर काय जोडायचे? पदवीची प्रत, परिषदेच्या नोंदवहीचा सहीशिक्क्याचा उतारा, करार, राजीनामा, तो पोचल्याची पावती, शेवटचा पगार. आणि जे अडचणीचे आहे तेही. नूतनीकरण अडकले असेल तर ते वादपत्रात लिहावे. मनाई ही न्यायालयाच्या विवेकावरची दाद आहे. लपवाछपवी सापडली तर बाकीचे सगळे खरे असूनही ती जाते.

शेवटी दोन प्रश्न आले आहेत, ते घेतो. पहिला: पाटीवर ‘डॉ.’ लावल्याने दाव्याला बाधा येते का? ९ सप्टेंबर २०२५ रोजी केंद्राच्या आरोग्य सेवा महासंचालनालयाने फिजिओथेरपिस्टांनी ‘डॉ.’ लावू नये असे पत्र काढले आणि दुसऱ्याच दिवशी ते मागे घेतले. एवढ्यावरून काय ते ओळखा. ताईच्या दाव्यात हा मुद्दा नाहीच. मालकाचा वकील तो उकरून काढील, पण कराराच्या वैधतेशी त्याचा संबंध नाही. पाटीवर नावापुढे आपली पदवी आणि नोंदणी क्रमांक ठळक लिहावा. रुग्णाला आपण कोणाकडे आलो आहोत हे कळले, की बोगसपणाच्या आरोपातली हवा जाते.

दुसरा प्रश्न: मालक आधी कोर्टात जाऊन आमच्या पाठीमागे मनाई घेऊन आला तर? त्यासाठी संहितेच्या कलम १४८-अ खाली कॅव्हेट लावता येते. म्हणजे आम्हाला ऐकल्याशिवाय अर्जावर हुकूम करू नका, अशी आगाऊ सूचना. ती ज्या ज्या कोर्टात मालक जाऊ शकतो, तिथे तिथे लावावी: मीरा रोड, ठाणे आणि मुंबई. तिची प्रत मालकाला पोचपावतीच्या रजिस्टर टपालाने पाठवावी लागते. मुदत नव्वद दिवस. ती संपल्यावर पुन्हा लावावी लागते.